अंजनेरी : चैत्रात पडीक, भाद्रपदात भरलेली

रानवाट (धागाकर्ती)

चैत्र पौर्णिमेला आईला घेऊन अंजनेरीवर गेले होते. तिची इच्छा कितीतरी वर्षांची. "अंजनीमातेची एकदा ओटी भरायची आहे, गुडघे कुरकुरायला लागायच्या आत." गुडघे कुरकुरायला लागून पाच वर्षं झाली, हे तिला सांगण्यात अर्थ नव्हता. पहाटे नाशिकहून निघालो, त्र्यंबक रस्त्यावर फाट्याला वळलो आणि उजाडता उजाडता पायऱ्यांना लागलो.

ज्यांनी पाहिलेली नाही त्यांच्यासाठी: नाशिकपासून वीसेक किलोमीटर, उंची ४,२०० फुटांच्या वर, त्र्यंबक रांगेत ब्रह्मगिरीच्या शेजारी. आधी कातळातल्या घळीतून पायऱ्या, मग एकदम मोकळं मोठं पठार. पठारावर अंजनीमातेचं देऊळ, पुढे तळं, तळ्याच्या पलीकडून पुन्हा चढ आणि माथ्यावर दुसरं देऊळ. अंजनीने इथे तप केलं, मारुतीचा जन्म इथला, अशी श्रद्धा. तळं पावलाच्या आकाराचं आहे आणि ते बाळ मारुतीचं पाऊल, असं आईने मला वरून बोटाने दाखवलं. मला ते आधी कानासारखं दिसलं. बोलले नाही.

पायऱ्यांवर आई दर वीस पावलांना बसायची. घळीत जैन लेणं आहे तिथे तर चांगली पंधरा मिनिटं टेकली. आत अंधार, दगडात पार्श्वनाथ. आई म्हणाली, "हा कुठला देव गं?" मी सांगितलं. तिने दोन्ही हात जोडले, पदराने घाम पुसला आणि पुढे निघाली. तिच्या लेखी प्रश्न तिथे संपला.

वर पोचेपर्यंत ऊन चढलं होतं. गर्दी भरपूर, घोषणा, नारळ, प्रसादाचे द्रोण, आणि पठारावर सुकलेलं गवत. काही ठिकाणी वणव्याने काळं झालेलं. एकही हिरवं पान नाही असं वाटत होतं. शेजारी सावलीला बसलेले एक काका सहज म्हणाले, "एवढी जागा नुसती पडीक आहे. इथवर गाडी आणली आणि इथेच पार्किंग केलं तर म्हाताऱ्यांची केवढी सोय होईल." आई गुडघे चोळत म्हणाली, "खरंच की." मी गप्प. कारण त्या दिवशी माझ्याकडे उत्तर नव्हतं. समोर खरोखर काही दिसत नव्हतं.

आता दुसरी फेरी. भाद्रपदातल्या परवाच्या रविवारी एका वनस्पतीवाल्या मैत्रिणीबरोबर पुन्हा गेले. तेच पठार, तीच पायवाट. पाऊस नुकताच थांबलेला, ढग खाली उतरलेले, कातळावर पाण्याचं पातळ अंथरूण. ते काका बसले होते साधारण तिथेच मैत्रीण एकदम थांबली आणि म्हणाली, "पाय उचलू नकोस." मी एका पायावर. गवतात गवतासारखंच एक ताठ रोप, त्यावर करंगळीहून लहान एक फूल. तिने मला गुडघ्यांवर बसवलं, भिंग दिलं. फुलाच्या नळीत, आतल्या बाजूला, बारीक केस आणि तळाशी एक चिमुकली माशी अडकून फिरत होती. मैत्रीण कुजबुजली, "सेरोपेजिया अंजनेरिका. हिचं नावच या डोंगरावरून पडलंय."

मी उठले तेव्हा गुडघ्यांना चिखल होता आणि डोक्यात एकच गोष्ट. चैत्रात हेच रोप इथेच होतं. माझ्या आईच्या चपलेखाली, चार बोटं खाली, कंद होऊन झोपलेलं.

तर प्रश्न असा. या डोंगरावर माणसं सगळ्यात जास्त येतात ती चैत्रात. रस्ता, रोपवे, वाहनतळ या गप्पाही सावलीत बसून उन्हाळ्यातच होतात. आणि डोंगर तेव्हा रिकामा दिसतो. तुमच्यापैकी कोणी कोणी काय काय पाहिलंय अंजनेरीत? देवाचं, दगडाचं, झाडाचं, सगळं चालेल. लिहा.

---

खवचटराव

पहिला प्रतिसाद माझा. आईंच्या गुडघ्यांना साष्टांग नमस्कार. बाकीचं वाचून मग सांगतो.

---

कंदमुळे

वाचनखूण साठवली. "पाय उचलू नकोस" म्हणणारी मैत्रीण प्रत्येकाला मिळो.

थोडी भर. सेरोपेजिया म्हणजे आपली कंदीलपुष्पं. खेड्यापाड्यांत खरपुडी म्हणतात. सह्याद्रीत हिच्या बऱ्याच जाती आहेत, त्यातल्या कित्येक फक्त इथल्याच, आणि काही तर एकदोन डोंगरांपुरत्याच. अंजनेरिका ही जात २००६ मध्ये शास्त्रीय नावानिशी नोंदली गेली. म्हणजे देवळात घंटा वाजवत माणसं शतकानुशतकं हिच्या शेजारून जात होती आणि वनस्पतिशास्त्राला हिचा पत्ता लागला तो मोबाइल फोन आल्यानंतर.

माशीचं काय चाललं होतं ते सांगतो. फूल खाली फुगीर, मधे नळी. वर पाच पाकळ्या, आणि बऱ्याच जातींत त्यांची टोकं जुळून कंदिलासारखा आकार होतो. वासाला भुलून बारीक माश्या नळीत शिरतात. नळीतले केस आतल्या दिशेला झुकलेले, त्यामुळे आत जाणं सोपं, परतणं अवघड. माशी तळाशी घुटमळते आणि त्या झटापटीत परागांच्या गाठोड्या तिच्या तोंडाला चिकटतात. मग केस मरगळतात, फूल कलतं, माशी सुटते आणि काही न शिकता पुढच्या फुलात शिरते. फूल तिला खात नाही, नुसतं स्थानबद्ध करतं. परागीभवनासाठी अटक.

पण एवढा बंदोबस्त करूनही शेंग धरण्याचं प्रमाण बेताचंच. बी पडलं तरी रुजायला उघडं पठार, पातळ माती आणि वेळेवर पाऊस लागतो. पावसाळा सरला की वरचं सगळं वाळून जातं आणि उरतो कंद. तो साळिंदर उकरतं, रानडुक्कर उकरतं, माणूसही खातो. बटाट्यासारखा लागतो असं ऐकलंय. मी खाल्लेला नाही, खाणारही नाही.

म्हणून एक हात जोडून विनंती. फुलाचे फोटो टाका, पण जागा सांगू नका. "तळ्याच्या डावीकडे" एवढंसुद्धा नको. एका पावसाळ्यात पन्नास फोटोवाले एकाच रोपाभोवती आडवे झाले तर रोपाला वणवा बरा वाटेल. रानवाट, "काका बसले होते तिथे" हे चालेल, काकांचा पत्ता कोणाकडे नाही.

आणि हो, २०१७ पासून अंजनेरीचा भाग संवर्धन राखीव म्हणून घोषित आहे. क्षेत्र साडेपाच चौरस किलोमीटरच्या थोडं वर. अभयारण्यांच्या मानाने रुमालाएवढं. पण त्या रुमालाच्या एका कोपऱ्यात जे आहे ते दुसरीकडे सहजासहजी मिळत नाही.

---

भटकभवानी

+१. जागा न सांगण्याबद्दल तर +१००.

---

शिळावाचक

धागा उत्तम. पण रानवाट, पठार दोनदा पाहिलंत आणि पायथ्याचं गाव एकदाही नाही? हा अन्याय आहे.

अंजनेरी गावात आणि आसपास जुन्या देवळांचा एक मोठा समूह पडक्या अवस्थेत उभा आहे. काही जैन, काही हिंदू. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या संरक्षणाखाली आहे, निळा फलक आहे, आणि फलक वाचणारा बहुधा तुम्ही एकटेच असता. कुठे नुसतं गर्भगृहाचं दार, कुठे मंडपाचे खांब, कुठे आमलक, म्हणजे शिखरावरची आवळ्यासारखी दगडी चकती, गवतात उलटा पडलेला. त्यातल्या एका जैन मंदिरात शिलालेख आहे. शक १०६३, म्हणजे इ.स. ११४१-४२. यादव घराण्यातल्या सेऊणदेवाच्या काळातला. विषय काय, तर मंदिराला दुकानांचं उत्पन्न लावून दिलं. आठवे तीर्थंकर चंद्रप्रभ यांचं मंदिर.

दुकानं! म्हणजे इथे बाजारपेठ होती. आज जिथे एक चहाची टपरी आणि दोन कोंबड्या दिसतात तिथे नगर होतं.

याच्याही मागे जाऊ. अंजनेरीला ताम्रपट सापडले आहेत. भोगशक्ती नावाच्या राजाचे, हरिश्चंद्र घराण्यातला, बदामीच्या चालुक्यांचा मांडलिक. काळ कलचुरी संवत ४६१, म्हणजे इ.स. ७१० च्या सुमारास. एक दान देवाला गावं दिल्याचं. दुसरा मजकूर मला जास्त आवडतो: उजाड झालेलं एक नगर राजा पुन्हा वसवतो आणि तिथल्या व्यापाऱ्यांना सवलती देतो. जकात माफ, सरकारी माणसांनी त्यांच्या घरी मुक्काम ठोकायचा नाही, आणि गुन्ह्यांचे दंड ठरवून दिलेले. तेराशे वर्षांपूर्वीचं उद्योग धोरण म्हणा.

त्यात नाण्यांचा उल्लेख आहे, कृष्णराज रूपक. हा कृष्णराज कलचुरींचा, सहाव्या शतकातला. त्याची चांदीची छोटी नाणी, एका बाजूला राजाचा मुखवटा आणि दुसरीकडे बसलेला नंदी. राजा जाऊन दीडशे वर्षं झाली, घराणं गेलं, आणि नाणं अजून चालतंय! आता गंमत बघा. १९८० मध्ये नाण्यांचा अभ्यास करणारी संशोधन संस्था कुठे उभी राहिली? अंजनेरीच्याच पायथ्याशी, इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ रिसर्च इन न्यूमिस्मॅटिक स्टडीज. तिथलं नाण्यांचं संग्रहालय बघून मग देवळं बघा. क्रम उलटा करू नका, मी केला होता, दुसऱ्या दिवशी परत जावं लागलं.

वरती राघोबादादांच्या उन्हाळी मुक्कामाच्या खुणा आहेत आणि पुढे साहेबालाही इथली हवा मानवली. पण ते फार अलीकडचं, त्यात मला रस नाही.

---

खवचटराव

वाचलं. "फार अलीकडचं" म्हणजे पेशवाई. शिळावाचकांना घड्याळ भेट द्यावं की पंचांग, या विचारात आहे.

---

त्र्यंबककर

लेख चांगला आहे, प्रतिसादही माहितीपूर्ण. पण एक बाजू राहतेय ती मांडतो. कृपया अंगावर येऊ नका.

माझे वडील ८१ वर्षांचे आहेत. तरुणपणी दर वर्षी हनुमान जयंतीला वर जायचे, नारळाचं पोतं खांद्यावर टाकून. आता अंगणातून डोंगराकडे बघून हात जोडतात. ब्रह्मगिरी ते अंजनेरी असा सुमारे ५.८ किलोमीटरचा रोपवे केंद्राच्या पर्वतमाला या रोपवे योजनेत प्रस्तावित झाला तेव्हा त्यांनी वर्तमानपत्राचं कात्रण कापून देवघरात ठेवलं. ते मी बघितलंय. मला कोणी फुलाच्या गोष्टी सांगायला लागलं की ते कात्रण डोळ्यांसमोर येतं.

सप्तशृंगीला फ्युनिक्युलर ट्रॉली (रुळांवरून चढणारी) झाली, गिरनारला २०२० मध्ये रोपवे झाला. तिथे देव पळून गेला का? भक्तांची सोय करणं पाप आहे का? पर्यावरणवाल्यांना पावसाळ्यात वर जाऊन फोटो काढायचे असतात. त्यांचे गुडघे शाबूत आहेत.

---

रानवाट

त्र्यंबककर, अंगावर येण्याचा प्रश्नच नाही. तुमच्या वडिलांचं कात्रण वाचून मी बराच वेळ काही लिहू शकले नाही. माझी आईही त्याच बाजूची आहे.

फक्त एक फरक. सप्तशृंगगडावर गाव वर आहे, तिथवर गाडीरस्ता आधीपासून होता. ट्रॉली आली ती शेवटच्या पायऱ्यांना पर्याय म्हणून. आपल्याकडे वर गाव नाही. वर गवत आहे. एका दिवसाला किती माणसं वर सोडायची हे आज पायऱ्याच ठरवतात. पाळणा आला की ते तिकीट खिडकी ठरवेल, आणि तिकीट खिडकीने कधी "आज पुरे" म्हटल्याचं मी पाहिलेलं नाही.

सोय पाप नाही. पण २०२७ च्या सिंहस्थाची गर्दी डोळ्यांसमोर आणा आणि मग ते पातळ मातीचं पठार आणा. मला उत्तर येत नाही, पण भीती वाटते.

---

घारदृष्टी

गिधाडांचं कोणीच बोललं नाही म्हणून लिहितो.

पायऱ्या चढताना मान वर करून उभ्या कड्याकडे बघा. कातळावर पांढऱ्या रेघा ओघळलेल्या दिसतील, चुना सांडल्यासारख्या. ती विष्ठा. त्या रेघेच्या वरच्या टोकाला कपार असते आणि कपारीत लांब चोचीच्या गिधाडाचं घरटं. वर्षाला अंडं एकच. हिवाळ्यापासून उन्हाळ्यापर्यंत जोडी त्या एका पिल्लात अडकलेली. पांढऱ्या पुठ्ठ्याची गिधाडं झाडावर घरटं करतात, ही लांब चोचीची कड्यावर. म्हणून अंजनेरीचे कडे महत्त्वाचे.

मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते माझ्या खाली उडत होतं. पठाराच्या कडेला पोटावर झोपून खाली बघत होतो आणि दरीतून ते वर आलं, पंख न हलवता, माझ्या डोळ्यांच्या रेषेत. पिसांमधून वारा जाताना आवाज येतो, कापड फाडल्यासारखा. मानेवर पिसं नाहीत, सुरकुत्या. एकदा माझ्याकडे बघितलं. मी खाण्यालायक नाही हे लगेच ठरवलं असावं.

नव्वदच्या दशकापासून भारतातली गिधाडं ९५ टक्क्यांहून जास्त गेली. कारण डायक्लोफेनॅक हे वेदनाशामक. दुखऱ्या जनावराला टोचायचं, जनावर मेलं की ते गिधाड खायचं, आणि गिधाडाची मूत्रपिंडं बंद पडायची. जनावरांसाठी या औषधावर २००६ मध्ये बंदी आली, पण माणसांच्या मोठ्या कुप्या मागच्या दाराने गोठ्यात जात राहिल्या. २०२३ मध्ये किटोप्रोफेन आणि एसिक्लोफेनॅकही जनावरांसाठी बंद झाली. आपल्याच जिल्ह्यात हरसूलकडे खोरीपाड्याला गिधाडांसाठी उपाहारगृह आहे. मेलेलं जनावर तपासून तिथे ठेवतात. म्हणजे खाण्याची सोय तिकडे आणि राहण्याची इकडे कड्यावर, असा यांचा संसार.

आता त्र्यंबककरांना: गिरनारच्या रोपवेच्या वेळीही गिधाडांचा मुद्दा आला होताच. माझं म्हणणं एवढंच, तारा ओढायच्या आधी कडा बघा, आणि तो डिसेंबर ते एप्रिल बघा. फुलवाल्यांचा हंगाम पावसाळा, आमचा हिवाळा. हा डोंगर बारा महिने कोणाचा ना कोणाचा भरलेलाच असतो. रिकामा दिसतो तो फक्त घाईत असणाऱ्याला.

---

कंदमुळे

शेवटचे दोन वाक्य कागदावर लिहून ठेवली.

---

खवचटराव

"शेवटची दोन वाक्यं". व्याकरण समिती.

---

भक्तिमार्गी

विषय निघालाच आहे तर विचारतो. मारुतीचा जन्म नक्की कुठे? २०२१ मध्ये तिरुमला देवस्थानाने सांगितलं की तिथली अंजनाद्री. हंपीजवळचे किष्किंधावाले म्हणतात आमची अंजनाद्री. झारखंडात गुमलाकडेही अंजन नावाचं गाव आहे. आणि आपण इथे.

---

त्र्यंबककर

२०२२ च्या मे महिन्यात नाशिकरोडला यावर शास्त्रार्थ ठेवला होता. आसनं कोणाची उंच, यावरून सुरुवातीलाच बिनसलं आणि शेवटी निर्णयाविनाच सभा उठली. वडील म्हणाले, "मारुती जन्मला तेव्हा सूर्याकडे झेपावला होता. त्याने जिल्हा विचारला नव्हता."

---

खवचटराव

काकांना या संस्थळाचं सदस्यत्व द्या. आत्ता.

---

मेटावरचा

नमस्कार मंडळी. मी अंजनेरीच्या पायथ्याचाच. पायऱ्यांच्या वाटेवर आमचं लिंबू सरबताचं दुकान, पावसाळ्यात भाजलेली मक्याची कणसं. पुतण्याने हा धागा दाखवला. लिहायचं नव्हतं, पण तुम्ही सगळे आमच्या डोंगराबद्दल एवढं लिहिताय तर चार ओळी माझ्याही.

वणव्याचं. लोक म्हणतात गाववाले लावतात. काही वेळा खरं आहे. जुनी माणसं म्हणायची, जळालं की नवं गवत चांगलं फुटतं. पण गेल्या वेळी लागलेला मी स्वतः विझवायला होतो. निरगुडीच्या फांद्यांनी झोडून झोडून हाताला फोड आले. तो लागला होता वर येणाऱ्या पोरांच्या चुलीतून, कोंबडी शिजवायला तीन दगड मांडले होते. अंजनीमातेच्या दारात कोंबडी. काय बोलायचं.

खरपुडीचं. आमची आजी कंद आणायची, खरं आहे. पण ती मोठा काढायची आणि बारका पुन्हा मातीत दाबायची, वर पाय मारून. मी विचारलं होतं, तर म्हणाली, पुढच्या साली मी काय खाऊ? आता कोणी आणत नाही. पोरांना कंद ओळखू येत नाही, चिप्सचं पाकीट ओळखू येतं.

शेळ्यांचं. आमच्या शेळ्या वर जातात. नेऊ नका म्हणतात, ठीक. मग कुठे नेऊ तेही सांगा. चार महिने राखलं तर चालेल का, फूल येऊन बी पडेपर्यंत? असं कोणी बसून बोललं तर आमची माणसं ऐकतील. पाटी लावून निघून गेलं तर नाही ऐकणार.

आणि रस्त्याचं. मुळेगावकडून वर रस्ता काढायचं चाललं होतं, बऱ्याच लोकांनी विरोध केला. शहरातली मंडळी म्हणाली रस्ता नको. बरं. पण पाड्यावर बाळंतीण अडली तर अजून झोळी करून खाली आणतात, हे त्यातल्या किती जणांना माहीत आहे? आम्हाला रस्ता पाड्यापर्यंत पाहिजे. डोंगरावर नको. हे दोन वेगळे रस्ते आहेत, पण भांडणात एकच होऊन जातात.

म्हाताऱ्या माणसांना वर न्यायचं तर डोली आहे की. चार जणांना दिवसाची मजुरी मिळेल. पाळण्याचा पैसा कोणाच्या खिशात जाणार ते मला माहीत नाही, पण माझ्या दुकानावरून तो डोक्यावरूनच जाणार एवढं कळतं.

चुकलं माकलं माफ करा.

---

रानवाट

दादा, काही चुकलेलं नाही. खरं तर धागा तुम्हीच काढायला हवा होता. मी दोनदा आले, दोन्ही वेळा तुमच्याकडे नाही तरी तुमच्या शेजाऱ्यांकडे सरबत प्यायले असणार, आणि एकदाही विचारलं नाही की इथे काय उगवतं.

---

घारदृष्टी

चार महिने चराई राखायची ही सूचना फार मोलाची आहे. कंदमुळे, बी केव्हा पडतं?

---

कंदमुळे

फुलं साधारण ऑगस्ट-सप्टेंबर, शेंगा त्यानंतर. बियांना रेशमी झुपका असतो, वाऱ्याबरोबर उडतात. आषाढ ते कार्तिक राखलं तर बरंचसं काम होईल. आजींची पद्धत मात्र मी माझ्या विद्यार्थ्यांना सांगणार आहे. बारका पुन्हा मातीत, वर पाय.

---

त्र्यंबककर

मेटावरचा, डोलीला साधारण किती लोक लागतील आणि आगाऊ सांगावं लागेल का? वडिलांचं वजन कमी आहे. चैत्रात नको, गर्दी असते. वर हिरवं असताना न्यावं म्हणतोय, त्यांनी तसं कधी पाहिलेलंच नाही. ते कायम जयंतीलाच गेले.

---

मेटावरचा

चौघे आणि बदलीला दोन. घळीत पायऱ्या निसरड्या आहेत, पाऊस पूर्ण उघडू द्या. नवरात्राच्या आसपास बघू. पुतण्याकडून निरोप पाठवतो.

---

रानवाट

ताजी बातमी. काल रात्री हा सगळा धागा आईला वाचून दाखवला. फुलाच्या भागात तिला डुलकी लागली. गिधाडाच्या भागात म्हणाली, "शी, ते नको." पण शिळावाचकांच्या दुकानांवर एकदम उठून बसली. आज सकाळी मला घेऊन गेली, वर नाही, खाली गावात. पडक्या देवळांत.

लेखाचा दगड शोधायला वेळ लागला. अक्षरं झिजलेली, तिने चष्मा पुसून पुसून बघितली, मग बोट फिरवलं. मला वाटलं आता हात जोडेल. तिने आजूबाजूला बघितलं, गवत, पडलेले खांब, एक बांधलेली म्हैस, आणि विचारलं, "पण दुकानं कोणत्या बाजूला होती?"

शिळावाचक, उत्तर द्या. ती वाट बघतेय. आणि पुढच्या शनिवारी नाणी आणि देवळं असा बेत करायचा का? फाट्यावर सकाळी सातला.

---

शिळावाचक

आईंना सांगा, हा प्रश्न मी वीस वर्षांत विचारला नाही. लेखात दुकानं दिली एवढंच आहे, दिशा नाही. देवळांची तोंडं कुठे आहेत ते मोजून बघू, वाट त्या अंगाने गेली असेल. टेप आणतो. शनिवार चालेल.

---

खवचटराव

मी पण. बिस्किटं माझ्याकडे, रिकामी पाकिटं परत आणायचंही माझ्याकडे.

---

मेटावरचा

शनिवारी नका येऊ. मारुतीचा वार, गाडी लावायला जागा मिळणार नाही. बुधवारी या.